एक मिनिट शांतता

थिया कॅमेरा धरते, मी माईक.
आठ वर्षांत एकवीस माणसं झाली आमची,
प्रत्येकी सहा मिनिटांची.
हातमोजे बेतणारी एक बाई, नजरेनंच बोटं मोजणारी.
जत्रेतल्या ऑर्गनच्या भात्याला ठिगळं लावणारे दोघे भाऊ,
एकमेकांशी न बोलणारे.
गवत कापायच्या यंत्रांची शर्यत लावणारे लोक,
ज्यांच्या घरापुढचं गवत गुडघाभर वाढलेलं.

चित्रण संपलं की मी हात वर करते:
एक मिनिट, कुणी हलू नका.
रिकाम्या जागेचा आवाज घ्यायचा असतो.
प्रत्येक खोली आपापल्या पद्धतीनं गप्प बसते,
आणि नंतर, जिथं जिथं थिया कात्री लावते,
तिथं हीच शांतता मी खालून
अस्तरासारखी शिवते.
टाका दिसला तर माझं काम फसलं.

नॉर्थंबरलंडमध्ये, खाण बंद पडलेल्या एका गावात,
कथबर्ट नेस्बिट लीक वाढवतो.
लीक म्हणजे कांद्याचा थोराड चुलतभाऊ;
याचे तर पोटरीएवढे.
सप्टेंबरात क्लबात तीन-तीन मांडतात, मापं घेतात,
हरलेला माणूस मग वर्षभर लांबच्या रस्त्यानं घरी जातो.
खतात काय घालतोस, विचारलं तर म्हणाला,
पोरालाही सांगितलं नाही.
पोरगा शेजारीच उभा होता. त्यानं मान डोलावली.

ऑगस्टभर तो शेडमध्ये झोपतो, खुर्चीत,
कारण एका वर्षी रात्री कुणीतरी सुरी घेऊन आलं होतं.
कोण, ते त्याला माहीत आहे.
रोज सकाळी कुंपणावरून त्याला विचारतो,
काय रे, बरा आहेस ना?

मी हात वर केला.
कथबर्टनं टोपी काढली.
'कोण गेलं?'
कुणी नाही, म्हटलं, नुसतीच शांतता.
टोपी त्यानं तरी परत घातली नाही.
हेडफोनमध्ये नळीतून ठिबकणारं पाणी,
उन्हानं कुरकुरणारा पत्रा,
आणि त्याचा श्वास, शेवटी बारीक शिट्टी वाजणारा,
सत्तावीस वर्षं कोळशात काढलेला.
तो मला पुसता आला असता.

फिल्म क्लबातच दाखवली, भिंतीवर चादर लावून.
हशा, मग टाळ्या.
सुरीवाल्याच्या सगळ्यांत जोरात.
कथबर्ट उठला. दोन चुका आहेत, म्हणाला.
एक, जूनचं पान जुलैच्या पानानंतर आलंय.
थिया लाल झाली. खुर्च्यांवरच्या चाळीस जणांनी
माना हलवल्या, सगळ्यांनाच दिसलं होतं ते.
दोन, मी चहा पितोय स्वयंपाकघरात,
आणि ऐकू येतेय माझी शेड.

आता माझी पाळी.
स्वयंपाकघराची शांतता घ्यायची राहून गेली होती त्या दिवशी;
उशीर झालेला, गाडी भाड्याची.
शेडचीच लावली मी तिथं, अगदी हळू.
इतक्या महोत्सवांत, इतक्या परीक्षकांत
एकाच्याही कानाला खुपली नव्हती.
लाज वाटायला हवी होती मला.
मी तर टाळी वाजवता वाजवता राहिले.

दुसऱ्या दिवशी यंत्र घेऊन एकटीच गेले.
डोरीननं बटाटे सोलायचे थांबवले, हात मांडीवर ठेवले.
कथबर्ट दारात, टोपी हातात.
मी हात वर केला.
घड्याळ. लांब कुठंतरी कुत्रं.
आणि खाली, सगळ्याच्या खाली,
लीकनं जिंकून आणलेला फ्रीज,
संपाच्या वर्षीचं पहिलं बक्षीस,
आत ठेवायला काहीही नव्हतं तेव्हा घरी आलेला,
घुमत, थरथरत, मध्येच गप्प होत,
पुन्हा घुमत.

'बंद करू का तो?' डोरीन कुजबुजली.
'शू,' कथबर्ट म्हणाला,
आणि मला पहिल्यापासून घ्यावं लागलं.